दोन बोटं

बाबल तांडेल पोत्यांची तोंडं शिवायचा
देवगडच्या बंदरावर.
सुकटीची पोती, खारवलेल्या मोरीची.
आणि प्रत्येक पोतं एका कोपऱ्याला
दोन बोटं उघडं ठेवायचा.
व्यापारी खेकसायचा, वाटेत माल सांडतो रे!
बाबल बिडी विझवून म्हणायचा, "वारो जाव दे आत."

मी नऊ वर्षांची.
त्याच्या डोळ्यात फूल पडलेलं,
म्हणून दोरा ओवायला मी.
दहा वेळा ओवला की एक लिमलेटची गोळी.
सुई तिधारी, वितीएवढी,
तळहाताला चामड्याचा पट्टा, त्यात लोखंडी टिकली.
खंयसून हाडलंस, विचारलं
तर म्हणाला, "लढायेतसून."

लढाईतून गावात आणखीही माणसं परतली होती.
दत्ताराम कोयंड्याच्या ओटीवर काचेत तीन पदकं,
विठू सारंगाला पाय एक आणि पेन्शन.
बाबलकडे ही सुई,
आणि शिमग्यात त्याच्या दारापुढे
पोरं बोंब मारायची तो शब्द:
पळपुटो.

पगारासाठीच गेला होता.
रात्री दर्यात दिवा न्यायला बंदी आली,
होडी रेतीत उपडी पडली,
मुंबईला जाऊन अंगठा दिला.
जहाजावर तोफेमागे उभा केला त्याला.
ब्रह्मदेशाच्या किनाऱ्याला एका पहाटे
तोफ चालली, नेम बरोबर लागला.
समोर होडी होती. लाकडाची.
जाळं अर्धं वर, अर्धं पाण्यात.

दुसऱ्या दिवशी सायबापुढे:
"तोफेक हात लावूचंय नाय."
दुभाषा हसत म्हणाला, गाबीत ना तू?
मासे मारताना हात कापत नाही?
"मासो मारतंय तो खावक.
माणूस मारून काय करू?"
दुभाषानं यातलं किती पोचवलं, देव जाणे.
चौदा दिवस पोलादी खोली, कोरडा पाव.
पंधराव्या दिवशी बाबल म्हणाला,
"शीड शिवतंय. सुई दिया."

दिली.
मग कळलं, शिडं नव्हतीच त्या जहाजाला.

मेलेल्याला कॅनव्हासात शिवायचं, पायाशी लोखंड.
शेवटचा टाका नाकातून,
माणूस खरंच गेला की नाही ते कळावं म्हणून,
असा जुन्या खलाशांचा रिवाज.
तो टाका बाबलनं एकदाही घातला नाही.
तोंडाशी थोडं उघडं ठेवायचा
आणि फळी कलती करण्याआधी
वाकून कान लावायचा.
खलाशी हसायचे. मग हसेनासे झाले.

एकतीस शिवले.
त्यात एक त्यांच्यातला, पाण्यावरून काढलेला विमानवाला,
मिसरूडही न फुटलेला.
त्याच्या खिशात सुईदोऱ्याची पुडी मिळाली.
बाबलनं त्याच्याच दोऱ्यानं सुरुवात केली.
गुडघ्यापर्यंत पुरला.

हे सगळं मला सलग कुणी सांगितलं नाही.
एक तुकडा माडाखाली, एक तापात.

मग पुन्हा लढाई आली.
आम्ही काचांना काळा कागद डकवला,
बंदरावर एक कंदील नाही, बिडीसुद्धा मुठीत.
त्या काळोखात दत्ताराम आला,
पंचवीस वर्षांत पहिल्यांदा बाबलच्या पायरीवर.
त्याचा नातू त्याच सकाळी भरतीला गेलेला.
खूप वेळ खोकला.
मग म्हणाला,
"माझ्या धाकट्याक तूच शिवलंस मा?"
"होय."
"कान लावलंस?"
"लावलंय."
"कायच नाय?"
सुई थांबली.
"दर्याच हुतो," बाबल म्हणाला.

दत्ताराम उठला नाही.
काळोखात चाचपत जवळचं पोतं ओढलं,
त्याचं उघडं तोंड शोधलं,
आणि आत दोन बोटं घालून
तसाच बसून राहिला.
मी पुढचा दोरा ओवला.
गोळी मागायचं राहून गेलं.